साठ गाडगी, एक काठी

एकदा एक म्हातारा होता. त्याची ही गोष्ट जो चित्त देऊन ऐकेल तो शहाणा झाल्यावाचून राहणार नाही, हे छातीवर हात ठेवून सांगता येते. सांगणाऱ्याने ती आजवर पन्नासदा तरी सांगितली आहे आणि त्याला अजून काडीचा गुण आलेला नाही. पण त्याचे कारण निराळे. तो सांगत असतो, ऐकत नसतो.

तर म्हातारा. झाडांतले त्याला फार कळे. त्यातही ज्या जमिनीत पाय ठेवला की पोटरीपर्यंत आत जातो आणि चप्पल तिथेच राहते, अशा पाणथळ जमिनीत कोणते झाड तगेल, हे त्याच्याइतके नेमके सांगणारा दुसरा माणूस नव्हता. नदीकाठी त्याची झोपडी होती, भोवती रोपांचे वाफे होते. लांबून लांबून माणसे पाने घेऊन येत आणि हे कशाचे, ते कशाचे, असे विचारीत. सरळ उत्तर मात्र तो देईल तर शपथ! एकदा एक शास्त्रीबुवा त्याची परीक्षा पाहायला आले. एका झाडाकडे बोट करून म्हणाले, "या वृक्षाचे नाव काय?" म्हातारा हात जोडून म्हणाला, "त्यानं अजून मला सांगितलेलं नाही, महाराज. तुमची काही ओळख असली तर विचारून बघा." शास्त्रीबुवा जे गेले ते पुन्हा आले नाहीत. म्हातारा दोन दिवस हसत होता.

अशा माणसाकडे शिकायला जावे, हीच मोठी चूक. ती सारजाने केली.

सारजा कुंभाराची लेक. नाल्याच्या वळणावर तिच्या भावकीची सहा घरे होती. कुंभार तिथे का राहिले, तर माती तिथली चांगली. माती चांगली म्हणजे चिकण, मऊ, हाताला लोण्यासारखी. आता लोण्यावर घर बांधले तर काय होते ते निराळे सांगायला नको. दर पावसाळ्यात नाला काठ कुरतडी. कधी हातभर, कधी दोन हात. सारजाच्या आजाच्या वेळी घरापासून नाल्यापर्यंत जायला वाट होती, मधे एक कडुलिंब होता आणि पोरांना खेळायला अंगण होते. आता चूळ भरून थुंकली की ती नाल्यात पडे.

तीन वर्षांपूर्वी सारजा म्हाताऱ्याकडे आली आणि म्हणाली, "बाबा, आमचा काठ धरून ठेवील असं झाड द्या."

"देत नाही," म्हातारा म्हणाला. "शिकवतो. झाड दिलं तर एक काठ वाचेल. शिकलीस तर पुढचा काठ तूच वाचवशील."

ऐकायला केवढे गोड! अशी वाक्ये ऐकली की माणसाने जरा सावध व्हावे. सारजा सावध झाली नाही. ती राहिली, शिकली. दोन कोस चालत रोज येई, रोज जाई.

म्हाताऱ्याने तिला नदीकाठी नेऊन अर्जुनाचे झाड दाखवले. बुंधा पांढुरका, गुळगुळीत, सापाने कात टाकावी तशी साल टाकणारा. मुळे पाण्यात उतरलेली आणि काठाची माती मुठीत धरल्यासारखी धरलेली. मग तिला टेकाडावर नेले आणि ऐन दाखवला. हा अर्जुनाचा सख्खा भाऊ. साल मात्र काळी, मगरीच्या पाठीसारखी भेगाळलेली. "लाकूड दणकट, सावली दाट, माणूस भला," म्हातारा म्हणाला, "पण दिवसचे दिवस पाण्यात पाय घालून उभं राहणं हे त्याच्या घराण्यात नाही. ते अर्जुनानं करावं."

"म्हणजे सालीवरून ओळखायचं."

"साल यायला वर्षं लागतात. लहानपणी दोघं जुळे. तेव्हा पानाची पाठ बघायची. अंगठा फिरवायचा." आणि त्याने एकेक पान तिच्या हातात देऊन, ऐनाच्या कोवळ्या पानामागची तांबूस लव दाखवली, ऐनाच्या पाठीवर मधल्या शिरेला असलेल्या दोन बारीक गाठी दाखवल्या, अर्जुनाच्या गाठी देठाच्या टोकाला कशा असतात तेही दाखवले. एकदाच दाखवले. दुसऱ्यांदा तो काहीच दाखवीत नसे.

मग सारजाने बाजारातल्या काष्ठौषधींच्या व्यापाऱ्याकडून फळे आणली: एका पुडीत अर्जुनाची, एका पुडीत ऐनाची. ऐन हैबतीकाकाच्या माळासाठी. हा तिचा चुलता. दोन्ही फळांना पाच पाच पंख. व्यापारी म्हणाला, "ताई, डोळे झाकून न्या." तिने तसेच नेले.

इथे कुंभारांची एक रीत सांगायला हवी. सहा घरांची मडकी एकाच आव्यात भाजली जातात. भाजून निघाली की सगळी सारखीच लाल, कुणाचे कुठले कळणार कसे? म्हणून ओल्या मातीवरच जो तो नखाने आपली खूण काढतो. एकदा ती भाजली की मडके फुटेल, पण खूण पुसत नाही. त्या खुणेवरून कुंभारवाड्यात आजवर कधी भांडण झालेले नाही. भांडणे झाली ती बाकीच्या सगळ्या कारणांवरून. पण खुणेवरून नाही.

सारजाने आपल्या रीतीने केले. साठ गाडगी घडवली, बुडाला भोके ठेवली. चाळीस गाडग्यांवर पाण्याच्या लाटेची खूण काढली, ती अर्जुनाची. वीस गाडग्यांवर दोन उभ्या रेघा, त्या ऐनाच्या. गाडगी भाजली, माती भरली, फळे पेरली. म्हाताऱ्याच्या वाफ्यांशेजारी दोन ओळींत मांडली. तीन वर्षे पाणी घातले, कीड वेचली, उन्हात सावली धरली. पोटच्या पोराचे कुणी एवढे करत नाही.

गेल्या वर्षीच ती रोपे लावायची म्हणत होती. म्हातारा म्हणाला, "थांब अजून एक वर्ष." गुरूने सांगितले म्हणून ती थांबली. आणि गेल्या आषाढात एका दुपारी नाल्याने वळण घेताना काठाला खांदा मारला. आवा गेला, भरलेला, उद्या पेटवायचा होता असा. हैबतीकाकाची मागची खोली गेली. काकू तेवढ्यात पुढच्या अंगणात धान्य निवडायला आली होती म्हणून उरली. आता नाल्याचे पुढचे पाऊल सारजाच्या घरावर पडणार होते. घर आणि काठ यांत अकरा हात उरले होते. ते तिने स्वतः मोजले होते, रोज मोजत होती, जणू मोजल्याने ते वाढणार होते.

असा हा सगळा मामला. पावसाळा तोंडावर आला. रोपे न्यायचा दिवस ठरला. हैबतीकाका बैलगाडी घेऊन मागून यायचा होता. सारजा सकाळी लगबगीने पुढे आली.

येऊन पाहते तर म्हातारा हातात काठी घेऊन उभा, आणि साठच्या साठ गाडगी फुटलेली.

फुटलेली म्हणजे एखाद्या बैलाने शिंगे मारावीत तशी नव्हे. एकेक करून, सावकाश, मन लावून फोडलेली. खापऱ्यांचा ढीग एकीकडे रचलेला. रोपे मातीच्या गोळ्यांसकट ओल्या गवतावर निजवलेली, आणि सगळी एकमेकांत मिसळलेली.

"ये गं, मडके," म्हातारा म्हणाला. रंगात आला की तो तिला मडकेच म्हणे. "चांगली भाजली होतीस हो. माझा खांदा दुखायला लागला."

सारजाच्या तोंडून शब्द फुटला तो असा फुटला की वाफ्यावरची साळुंकी उडून गेली.

"बाबा! डोकं फिरलंय का तुमचं?"

"थोडं. पण हे त्याच्याआधी ठरवलेलं."

"तीन वर्षं! तीन वर्षं मी..." तिने खाली वाकून एक खापरी उचलली. अर्धी लाट होती तिच्यावर. "आता कुठलं कुठलं आहे ते कसं कळायचं मला?"

"तेच. अर्जुन वेगळे कर, ऐन वेगळे कर. मग ने. मुळं उघडी आहेत, संध्याकाळच्या आत लागली पाहिजेत." आणि म्हातारा जाऊन आंब्याखाली बसला, आणि पान लावू लागला. त्याच्या चेहऱ्यावर लग्नघरात चप्पल लपवलेल्या पोराचा आनंद होता.

सारजाने खापऱ्यांच्या ढिगाला एक लाथ मारली. पायाला लागले. त्याने राग आणखी वाढला, कारण खापऱ्या तिच्याच होत्या.

आधी तिने सोपे उपाय करून पाहिले. खापरीला चिकटलेली माती रोपाच्या गोळ्याशी जुळते का पाहिले. सगळ्या गाडग्यांत तिने एकाच खड्ड्यातली माती भरली होती. अर्जुनाची ओळ डावीकडे होती म्हणून डावीकडची रोपे अर्जुनाची, असे म्हणावे तर म्हाताऱ्याने ती पत्ते पिसावेत तशी पिसली होती. उंच ते अर्जुन म्हणावे तर उंची साऱ्यांची जवळपास सारखी. ती दात खात होती. इतक्यात हैबतीकाकाची गाडी आली.

हैबतीकाका खाली उतरला आणि जागच्या जागी उभा राहिला.

"हे कुणी केलं?"

"गुरुमहाराजांनी," सारजा म्हणाली.

"काय ओ म्हातारबुवा!" काका ओरडला. "माझी खोली नाल्यात गेली, आवा गेला, ही पोरगी रोज दोन कोस तंगडतोड करून तुमच्या झाडांना पाणी घालते, आणि तुम्ही इथं दहीहंडी खेळताय? ती काठी द्या इकडं. बघतो किती वेळ हसताय ते."

"काठी घे की," म्हातारा म्हणाला. "पण मला मारून रोपं वेगळी होत असली तरच मार. नाहीतर तुझाही खांदा दुखेल."

"काका, गप्प बसा," सारजा म्हणाली. तिचा आवाज इतका थंड होता की काका खरेच गप्प बसला आणि बैलांना पाणी दाखवायला गेला.

सारजा गवतावर मांडी घालून बसली. डोळे मिटले. चाकावर बसण्याआधी ती माती हातात घेऊन अंगठ्याने दाबून पाही. खडा असला तर अंगठ्याला कळे, डोळ्याला कळण्याआधी. तोच अंगठा तिने एका पानाच्या पाठीवर फिरवला. मऊ लव. दुसऱ्या पानाच्या पाठीवर फिरवला. गुळगुळीत. तिने डोळे उघडून पान उलटे केले. मधल्या शिरेवर देठाजवळ दोन गाठी. दुसऱ्या पानाच्या गाठी देठाच्या टोकाला.

तीन वर्षांपूर्वी एकदा दाखवले होते ते हेच. तेव्हापासून आजवर तिने एकही पान उलटे करून पाहिले नव्हते. कशाला पाहायचे? गाडग्यावर खूण होती.

मग ती वेगाने करू लागली. लव, उजवीकडे. गुळगुळीत, डावीकडे. लव. लव. लव. गुळगुळीत. लव. हात चालत होता आणि मन मात्र हळूहळू अडखळू लागले. उजवीकडचा ढीग वाढत होता. वीस व्हायचे ते तीस झाले. तीसचे चाळीस झाले. शेवटचे रोप ठेवून तिने दोन्ही ढीग मोजले. अर्जुन तेरा. ऐन सत्तेचाळीस.

"चुकलं," ती स्वतःशीच म्हणाली, आणि सगळी साठ रोपे पुन्हा तपासली. आकडा हलला नाही.

तिने लाटेची खूण असलेल्या खापऱ्या जुळवल्या. चाळीस गाडगी अर्जुनाची, यात शंका नव्हती. खुणा बरोबर होत्या. झाडे बरोबर नव्हती.

"व्यापारी," ती पुटपुटली. "त्याच्या पुडीतच गोंधळ होता. चाळिसांतल्या निम्म्याहून जास्त गाडग्यांत मी ऐनच पेरला, आणि वर पाण्याची लाट काढली. आणि आज तो सगळा नाल्याच्या पाण्यात उभा करणार होते." तिने हातातली खापरी टाकली. राग होता, आणि रागाच्या खाली भीती होती. ती झाडे लागली असती. वर्ष दोन वर्षे हिरवीही दिसली असती. घरातली सगळी माणसे त्यांच्या भरवशावर निर्धास्त झोपली असती.

म्हातारा उठून तिच्याजवळ आला. या क्षणासाठीच तो तीन वर्षे जगला होता असे त्याच्या तोंडावर स्पष्ट दिसत होते. त्याने पान थुंकले, घसा खाकरला, आणि ज्या सुरात अशी भाषणे करायची असतात त्या सुरात बोलू लागला.

"पोरी, मडक्यावरची खूण मडक्यापुरती खरी. मडकं भाजलं की ते बदलत नाही, म्हणून त्याची खूणही बदलत नाही. पण तू खूण काढलीस तेव्हा आत बीसुद्धा नव्हतं. पुढं आत जे उगवलं ते रोज वाढत होतं, रोज पानापानातून स्वतःचं नाव सांगत होतं, आणि तू रोज पाणी घालून, पान न उलटता, बाहेरची लाट वाचून घरी जात होतीस. माणसांचंही असंच होतं बघ. कोण कुणाच्या घरचा, कुठल्या गावचा, ही खूण बघून आपण ठरवतो आणि आत काय वाढतंय ते बघत नाही. खूण फोडल्यावाचून तुझा अंगठा पानाला लागला नसता. म्हणून फोडली."

चांगले बोलला. हैबतीकाकालाही पटले असावे, कारण तो बैलाच्या मानेवर हात ठेवून नुसता उभा राहिला. अशा गोष्टींत या ठिकाणी शिष्याचे डोळे भरून येतात आणि तो गुरूचे पाय धरतो. सांगणाऱ्यानेही काही वेळा ही गोष्ट तशीच संपवून पाहिली आहे, विशेषतः जिथे प्रसाद मिळायचा असतो तिथे. पण झाले ते तसे झाले नाही.

सारजा म्हणाली, "तुम्हांला कधी कळलं?"

"काय?"

"की पुडीत गोंधळ आहे."

म्हातारा खुलला. "अगं, पहिल्याच पावसाळ्यात! रोपं चार पानांवर होती. दुरून चालण्यावरून माणूस ओळखावा तसा मला ऐन कळतो."

"मग बोलला का नाहीत?"

"बोललो असतो तर तू गाडग्यावरची खूण सोडून माझी खूण वाचायला लागली असतीस. तुझे डोळे तुझे तू उघडायचे होते. म्हणून तर गेल्या वर्षी थांब म्हटलं. म्हटलं, आज बघेल, उद्या बघेल. बघेचना! शेवटी काठी घ्यावी लागली." तो हसला आणि त्याने तिचे मनगट धरले. "आणि तेरा अर्जुनांनी काठ कसा धरणार म्हणून रडू नकोस. म्हातारा काय इतका वेडा नाही. चल, तुला दाखवतो."

तो तिला झोपडीमागे घेऊन गेला. हैबतीकाकाही मागोमाग गेला. झोपडीमागे नदीचे पाणी झिरपून एक चर झाला होता, तिकडे कुणी जात नसे. त्या चरात, पाण्यात पाय घालून, दोन ओळींत अर्जुनाची रोपे उभी होती. सरळ, तकतकीत, पुरुषभर उंच. सारजाने न विचारता जवळच्या एका रोपाच्या पानाच्या पाठीवर अंगठा फिरवला. गुळगुळीत.

"पन्नास आहेत," म्हातारा म्हणाला. "ज्या दिवशी तुझी चूक ध्यानात आली त्याच आठवड्यात मी नदीकाठची फळं वेचून पेरली. तुझ्यासाठीच. बोललो नाही तुला. गंमत! आज सगळी घेऊन जा. काय, हैबती? अजून काठी हवी का?"

हैबतीकाका हसायच्या बेतात होता. रोपे खरोखरच सुंदर होती. तो पुढे झाला आणि एका रोपाचे खोड मुठीत धरून त्याने हलवून पाहिले. रोप हलले नाही. एवढ्याशा रोपाने चिखल असा धरला होता की काकाच्या तोंडून "आयला" निघाले.

सारजा मात्र ओळीच्या टोकापर्यंत चालत गेली आणि परत आली. तिने हाताने एका रोपाची उंची मापली, मग हात खाली खाली आणला.

"बाबा, गेल्या आषाढात ही केवढी होती?"

"कमरेला लागतील एवढी," म्हातारा कौतुकाने म्हणाला. "तेव्हाच काय मुळं सोडली होती सांगू! एक उपटून बघितलं तर चिखलाचा हा एवढा गोळा वर आला."

"म्हणजे लावण्याजोगी होती."

"होती की. मृगात लावली असती तर आषाढापर्यंत..."

म्हातारा थांबला. काकाने खोडावरचा हात काढला.

सारजा म्हाताऱ्याकडे बघत होती. आता तिचा आवाज चढलेला नव्हता. सकाळी साळुंकी उडवणारा तो आवाज कुठे गेला होता कोण जाणे.

"शिकायचं मला होतं, बाबा," ती म्हणाली. "मग खोली काकांची का गेली?"